पाऊणमधून काढले आणि दोन उरले?

अगं, वहीवर कशाला रुसतेस? बघितलं मी तुझं गणित. चौकटीत १/३ मिळवले की ३/४ होतात, तर चौकटीत कोण? तू तीनातून एक घालवलास, चारातून तीन घालवलेस आणि लिहिलंस २/१, म्हणजे दोन. आता सांग, पाऊण लिटर दुधातून थोडं काढून घेतल्यावर पातेल्यात दोन लिटर उरेल का? उत्तर लिहायच्या आधी एवढंच मनात विचारायचं: अंदाजे किती यायला हवं?

पण वजाबाकी करायची हे तुझं तुला सुचलं, ते अगदी बरोबर. घोळ झाला तो छेदाशी. अंश सांगतो तुकडे किती, छेद सांगतो तुकडा केवढा. वजा होतात ते तुकडे, त्यांचं माप नव्हे. म्हणून आधी माप सारखं करून घे. ४ आणि ३ यांचा लसावि १२. मग ३/४ म्हणजे ९/१२ आणि १/३ म्हणजे ४/१२. नवातून चार गेले, उरले ५/१२. अर्ध्याहून जरा कमी, पटतंय ना? शिवाय ५/१२ आणि ४/१२ मिळवले की ९/१२, म्हणजे पुन्हा पाऊण. झाला पडताळा.

एक फसवं गणितही बघून ठेव: ५/६ मधून काय वजा केलं तर ३/८ उरतील? ‘बाजू बदलली की अधिक’ असं पुटपुटत मिळवायला धावशील, तर येतील २९/२४. एकाहून मोठी संख्या ५/६ मधून निघेल कशी? इथेही वजाबाकीच. लसावि २४, वीसातून नऊ गेले, उत्तर ११/२४. लसावि सुचला नाही तर ४८ छेद घे, २२/४८ येतील. दोनाने भागलं की तेच.

आणि हे सगळं नुसतं परीक्षेपुरतं आहे असं समजू नकोस हं. भास्कराचार्यांच्या ११५० सालच्या ‘लीलावती’त भुंग्यांचं एक गणित आहे. थव्याचा १/५ कदंबावर गेला, १/३ शिलींध्रावर. या दोन भागांतल्या फरकाची तिप्पट कुड्याच्या फुलांवर. एक भुंगा मागे राहिला. एकूण किती? छेद १५ कर: ३/१५, ५/१५, फरक २/१५ आणि त्याची तिप्पट ६/१५. बेरीज १४/१५. अख्ख्या थव्यातून ती वजा केली की उरतो १/१५, आणि तोच एक भुंगा. म्हणजे थवा पंधराचा!

उद्याच्या चाचणीत घाई करू नकोस. आधी अंदाज, मग छेद, मग वजाबाकी. वेळ कमी पडला तर एखादं गणित सोड, पण सोडवलेल्याचा पडताळा सोडू नकोस.