तासभर पुरे गं, पण गाईडसोबत

अगं, सासूबाई-सासरे महिनाभरासाठी बंगळुरूला आलेत, लालबाग झालं, विधानसौध बाहेरून दाखवून झालं, इस्कॉनलाही जाऊन आलात. आणि आता तुझ्या पोटात गोळा आलाय, की आर्ट म्युझियमला न्यायचं खरं, पण तिथे मी यांना सांगणार काय? मलाच कुठे चित्रांतलं कळतं! आधीच तुझं ऑफिस, पोराची शाळा, स्वयंपाकाच्या मावशींच्या सुट्ट्या, त्यात ही नवी परीक्षा. खरं सांगू का, ही परीक्षा नाहीच मुळी. तिथे सांगायला माणूस असतो. तू सगळ्यांना घेऊन दारापर्यंत जायचं आणि छोटी गाईडेड टूर घ्यायची. घरातल्या चार माणसांची चार वेळापत्रकं जुळवतेस, तुला हे मुळीच जड नाही.

आधी जागा ठरव. बंगळुरूत मी तुला दोन सुचवेन. पहिली कस्तुरबा रोडवरची, म्युझियम ऑफ आर्ट अँड फोटोग्राफी, सगळे तिला ‘मॅप’ म्हणतात. उद्योजक अभिषेक पोद्दार यांनी वर्षानुवर्षं जमवलेल्या संग्रहातून हे म्युझियम उभं राहिलं. दुसरी पॅलेस रोडवरची, माउंट कार्मेल कॉलेजजवळची नॅशनल गॅलरी ऑफ मॉडर्न आर्ट, म्हणजे ‘एनजीएमए’. दिल्लीची १९५४ची, मुंबईची १९९६ची आणि ही तिसरी, माणिक्यवेलू मॅन्शन या जुन्या वाड्यातली. गंमत बघ, दोन्हींचा वाढदिवस एकच आहे. एनजीएमए उघडली १८ फेब्रुवारी २००९ला, मॅप १८ फेब्रुवारी २०२३ला.

सासूबाईंचे गुडघे दुखतात ना? मग पहिल्यांदा मॅपलाच जा. इमारत नवी आहे, पाच मजली आहे, पण लिफ्ट आहे आणि व्हीलचेअर फिरेल अशी सोय मुद्दाम केलेली आहे. मेट्रोने कब्बन पार्क स्टेशनला उतरून चालत जाता येतं, पण त्यांच्यासाठी सरळ दारापर्यंत रिक्षा कर. एनजीएमए तुझ्यासाठी राखून ठेव. साडेतीन एकरांचं आवार, मोठमोठी जुनी झाडं, तिकीटही अगदी माफक. मैत्रिणीला घेऊन जा, नाहीतर एकटी जा. एकटीने जायला काही हरकत नाही गं, कुणी विचारत नाही की ही इथे काय करतेय.

आता वेळेचं. दोन्ही जागा सोमवारी बंद असतात, हे आधी कॅलेंडरवर लिही. टूर कधी आहे, कुठल्या भाषेत आहे, घरच्यांपुरती वेगळी मिळेल का, हे आदल्या दिवशी फोन करून विचार. रविवारी दुपारी जाऊ नकोस, गर्दीत गाईडचा आवाज ज्येष्ठांना ऐकू येत नाही. जाताना सगळ्यांना पोटभर खायला घाल. उपाशी माणसाला राजा रविवर्माही गोड लागत नाही. मोठ्या पिशव्या बाहेर ठेवाव्या लागतात, तेव्हा औषधं आणि चष्मे छोट्या पर्समध्ये घे. एसीत सासूबाईंना गार वाटेल, शाल विसरू नकोस. चपला रोजच्या सवयीच्या घालायच्या, नव्या मुळीच नाही.

आणि एक गोष्ट मनाशी पक्की कर: सगळं बघायचं नाही. मॅपच्या संग्रहात हजारो वस्तू आहेत, भिंतींवर त्यातला लहानसा भागच मांडलेला असतो आणि तोही एका फेरीत बघून होत नाही. छोट्या टूरचा फायदा हाच, की कुणीतरी जाणकार तुझ्यासाठी आठ-दहा गोष्टी निवडतो आणि प्रत्येकीपाशी थांबतो. एरवी आपण काय करतो? भराभर चालतो, चित्रापेक्षा शेजारची पाटी जास्त वाचतो आणि बाहेर आल्यावर एकही चित्र आठवत नाही. गाईड आपल्याला थांबवतो. तुझ्यासारख्या सतत पळणाऱ्या बाईला ते फार हवं आहे बघ.

आता तुझी मुख्य भीती, ‘मला काही कळत नाही’. हे मी तुला मुळीच म्हणू देणार नाही. तुला जे घरात येतं तेच तिथे कामाला येतं. मॅपच्या संग्रहात रविवर्मा छापखान्याची चित्रं आहेत. सासूबाईंच्या माहेरच्या देवघरात कमळातली लक्ष्मी किंवा वीणा घेतलेली सरस्वती नक्की असणार. ती चित्रं घराघरांत पोचली ती या छापखान्यामुळे. १८९४मध्ये रविवर्म्यांनी तो मुंबईत गिरगावात काढला, पुढे तो लोणावळ्याजवळ मळवलीला गेला. छपाई दगडावरून व्हायची, एकेका रंगासाठी वेगळा दगड. एका चित्रासाठी तोच कागद पुन्हा पुन्हा दाबाखाली जायचा, आणि दर वेळी रंग अगदी जागच्या जागी बसायला लागायचा. जवळून बघ, बारीक ठिपके दिसतील. काही घरांतल्या बायकांनी तर या छापील देवींना वरून जर, कापड, टिकल्या लावून सजवलं. बघ ना, चित्र छापखान्यातलं, पण साडी घरच्या बाईने नेसवलेली! हे गाईड सांगायला लागला की सासूबाई गप्प बसणार नाहीत, आणि बसूही देऊ नकोस. ‘आमच्याकडे अशीच होती’ हे वाक्य त्या टूरमधली सगळ्यात मोलाची माहिती असू शकते.

तसंच ज्योती भट्टांचं. बडोद्याचे हे चित्रकार, छायाचित्रकार. १९६०च्या दशकाच्या अखेरीपासून ते कॅमेरा घेऊन गावोगाव फिरले. बायकांनी सारवलेल्या भिंतींवर काढलेली चित्रं, अंगणातल्या रांगोळ्या, हातावरचं गोंदण हे सगळं त्यांनी टिपलं. आज त्यातल्या कितीतरी भिंती उरलेल्या नाहीत, फोटो मात्र आहेत. त्यांच्या कामाचा मोठा ठेवा मॅपकडे आहे आणि म्युझियम उघडलं तेव्हा त्यांचं प्रदर्शनही तिथे होतं. तुझ्या आजीने दारात रोज काढलेली रांगोळी ज्याला कलाच वाटली, अशा माणसाचं हे काम. त्यापुढे उभं राहून तू ‘मला कळत नाही’ कसं म्हणशील?

कापडाचं दालन लागलं तर तू पुढे हो. पटोळ्यात उभे-आडवे दोन्ही धागे विणण्याआधीच बांधून रंगवतात, आणि बांधणीत विणून झालेलं कापड गाठी बांधून रंगवतात, हा फरक तुला साड्यांच्या दुकानात बसून बसून माहीत झालाय. हीच जाण घेऊन चित्राकडे बघायचं. पोत बघ, काठ बघ, हात किती सराईत आहे ते बघ.

टूरमध्ये काय विचारायचं? तीन प्रश्न तुला देते. पहिला, हे कशावर आणि कशाने केलंय? दुसरा, इथे येण्याआधी हे कुठे होतं? देवळात, राजवाड्यात, सिनेमाच्या थिएटरबाहेर? मॅपकडे सिनेमाची जुनी पोस्टरंही आहेत, त्यामुळे सासरेही रंगात येतील. आणि तिसरा, तुम्हाला स्वतःला यातलं काय आवडतं? हा विचारच. पाठ केलेली माहिती बाजूला ठेवून समोरचा माणूस मनातलं बोलायला लागतो. गाईड इंग्रजीत भराभर बोलत असेल तर ‘जरा सावकाश सांगा, मला यांना मराठीत सांगायचंय’ असं मोकळेपणाने म्हण. तू चार वाक्यांतलं एक जरी सासूबाईंपर्यंत पोचवलंस तरी पुरे.

आता थोडं अवघड. एखाद्या दालनात उघड्या शरीराचं चित्र किंवा शिल्प समोर येईल. सासरे बाजूला, पोरगा हाताशी, आणि तू कानकोंडी होशील. होऊ नकोस. आपली देवळं अशा शिल्पांनी भरलेली आहेत आणि आपण तिथे नमस्कार करून येतो. मुलाने विचारलं तर साध्या आवाजात सांग, की चित्रकार माणसाचं शरीर कसं घडलंय ते शिकत असतो. नुसतं घाईने पुढे ओढलंस तर त्याच्या लक्षात तेवढंच राहील.

आणि एनजीएमएला गेलीस की एक दिवस नुसत्या रंगांचं चित्र समोर येईल. ना माणूस, ना झाड. तेव्हा वासुदेव गायतोंडे आठव. १९२४मध्ये नागपूरला जन्मलेला आपला माणूस, मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकलेला. एनजीएमएच्या राष्ट्रीय संग्रहात त्यांची चित्रं आहेत. कॅनव्हासवर रोलरने आणि सुरीने रंगाचे थर चढवायचे, काही खरवडून काढायचे, पुन्हा चढवायचे, असं त्यांचं काम चाले. वर्षाला मोजकीच चित्रं होत. अशा चित्रापुढे ‘हे काय आहे’ असं विचारलंस की अडकशील. त्याऐवजी रंग कुठे दाट आहे, कुठे आतून उजेड येतो, डोळा कुठे जाऊन थांबतो, एवढंच बघ. आवडलं नाही तर नाही आवडलं. गाईडच्या तोंडावर ‘वा वा’ करायची सक्ती नाही गं. पण नाही का आवडलं, हे एकदा स्वतःशी बोल. तिथूनच बघणं सुरू होतं.

काही नियम तुला जाचक वाटतील, त्यांची कारणं समजून घे. दालनात अंधार का, म्हणून सासरे विचारतील. कागद आणि कापड उजेडाने विटतात, आणि एकदा उडालेला रंग परत येत नाही. म्हणून अशा वस्तूंवर साधारण ५० लक्स इतकाच मंद प्रकाश ठेवायची पद्धत जगभर आहे. डोळ्यांना सरावायला दोन मिनिटं द्यायची. फ्लॅश मारायचा नाही, आणि फोटो चालतात का हे आधी विचारायचं. हाताच्या घामानेही वस्तू खराब होते, तेव्हा बोट दाखवताना चित्रापासून हातभर लांब. स्पर्श करून बघण्यासाठी मुद्दाम काही ठेवलं असेल तर ते गाईडच सांगतो.

पोराला कसं सांभाळू, हाही घोर असेलच. त्याला काम दे. प्रत्येक चित्रात एक प्राणी शोध, किंवा कोण रागावलंय ते सांग. कंटाळला की तुमच्यातल्या एकाने त्याला बाहेर न्यायचं. आणि तो एकजण दर वेळी तूच असायला हवं असं कुठे लिहिलंय? नवऱ्याला आधीच सांगून ठेव, की हा तास माझा आहे. हे मी तुला बजावून सांगतेय बरं का. तू सगळ्यांना दाखवायला नेतेस आणि स्वतः बाकावर बसून पाण्याच्या बाटल्या सांभाळतेस, हे मला चालणार नाही.

टूर संपली की लगेच बाहेर पळू नका. ज्या एका चित्रापाशी तुझं मन रेंगाळलं होतं, तिथे पाच मिनिटं परत जा. या वेळी ऐकायचं नाही, नुसतं बघायचं. मग चहा घ्या आणि प्रत्येकाने आपलं आवडतं एक सांगायचं. सासऱ्यांचं आणि पोराचं एकच निघालं तर बघच, रात्री जेवताना टीव्ही लागणार नाही.

आणि सासूबाईंना गोडी लागली, तर पुढच्या वेळी म्हैसूरचा बेत आखा. तिथे राजवाडा सगळेच बघतात, तुम्ही जगनमोहन पॅलेसमध्येही जा. एका हातात दिवा घेतलेली, दुसऱ्या हाताच्या आडोशाने ज्योत जपणारी, चित्रातली ती मुलगी तिथे आहे. पुष्कळजण ते चित्र रविवर्म्यांचं समजतात, पण ते आपल्या सावंतवाडीच्या सावळाराम हळदणकरांचं. जलरंगातलं आहे, आणि समोर उभी राहिली होती ती त्यांचीच लेक. जलरंगात पांढरा उजेड सहसा कागद कोरा सोडून आणतात, वरून रंग चढवून नाही. म्हणजे बोटांमधून झिरपणारा तो प्रकाश कुठे राखायचा, हे त्यांना आधीच ठाऊक असायला हवं. हे तू सासूबाईंना स्वतः सांगशील, गाईडची वाट न बघता.

चल, आता फोन उचल. आधी टूरची वेळ विचार, मग नवऱ्याला सांग, मग सासूबाईंना. क्रम बदलू नकोस, नाहीतर घरातच चर्चा होऊन बेत पुढच्या महिन्यावर जाईल. आणि जाऊन आलीस की कोणतं चित्र आवडलं ते मला कळव, फोटो नको, तुझ्या शब्दांत.