बाबूराव पटेल : एका संपादकाची वाटचाल

चित्रपटगृहातून उतरलेला चित्रपट हळूहळू विस्मरणात जातो. पूर्वीच्या काळी तर चित्रपटाची फीतही फार टिकत नसे. नायट्रेटची ती फीत चटकन पेट घेई, दमट हवेत कुजून जाई. ‘आलम आरा’ हा पहिला भारतीय बोलपट १९३१ साली प्रदर्शित झाला. परंतु आज त्याची एकही प्रत उपलब्ध नाही. असे चित्रपट कसे होते आणि लोकांनी त्यांचे स्वागत कसे केले, हे मग कशावरून समजते? जुनी छायाचित्रे, जाहिराती आणि मुख्यतः त्या काळची नियतकालिके यांवरून. अशा नियतकालिकांमध्ये मुंबईहून निघणाऱ्या ‘फिल्मइंडिया’ या इंग्रजी मासिकाचे स्थान मोठे आहे. त्याचे संपादक होते बाबूराव पटेल.

बाबूरावांचा जन्म ४ एप्रिल १९०४ रोजी पालघरजवळच्या मासवण या गावी झाला. त्या वेळी हे गाव ठाणे जिल्ह्यात होते. आज ते पालघर जिल्ह्यात आहे. घराण्याचे मूळ आडनाव पाटील; बाबूरावांनी पुढे ‘पटेल’ हे आडनाव लावले. त्यांचे शालेय शिक्षण पूर्ण होऊ शकले नाही. तरीही वाचनाच्या आणि सततच्या लेखनाच्या बळावर त्यांनी इंग्रजी भाषा आत्मसात केली. नुसती आत्मसात केली असे नव्हे, तर त्या भाषेत स्वतःची अशी चटपटीत, बोचरी शैली घडवली. उर्दूतील श्रेष्ठ कथाकार सआदत हसन मंटो यांनाही बाबूरावांचे व्यक्तिचित्र लिहावेसे वाटले, यावरून त्यांच्या व्यक्तिमत्त्वाची कल्पना येते.

१९३५ साली ‘फिल्मइंडिया’ सुरू झाले. बोलपट येऊन तेव्हा जेमतेम चार वर्षे झाली होती. सुशिक्षित घरांत चित्रपटाकडे हलक्या दर्जाची करमणूक म्हणून पाहिले जाई. अशा काळात चित्रपटावर गांभीर्याने लिहिणारे, छपाईत देखणे असे मासिक निघाले. चित्रकार एस. एम. पंडित यांनी त्याच्यासाठी रंगविलेली मुखपृष्ठे गाजली. चित्रपटांची परीक्षणे, निर्मात्यांचे बेत, कलावंतांच्या बातम्या यांबरोबरच वाचकांच्या प्रश्नांना संपादकांनी दिलेली उत्तरे हे मासिकाचे मोठे आकर्षण होते. दूरच्या गावचा वाचक प्रश्न पाठवी आणि संपादक त्याला खुसखुशीत, कधी तिखट उत्तर देत. चित्रपटाविषयी सामान्य माणसालाही मत असू शकते, हे या पानांनी दाखवून दिले.

बाबूरावांची लेखणी केवळ करमणुकीत रमली नाही. १९३८ साली ‘द ड्रम’ हा ब्रिटिश चित्रपट मुंबईत आला. वायव्य सरहद्दीवरील लोकांचे त्यातील चित्रण अपमानास्पद आहे, अशी भावना पसरली आणि निदर्शने झाली. अखेर चित्रपटाचे प्रदर्शन थांबवावे लागले. भारतीयांना हीन लेखणाऱ्या अशा परदेशी चित्रपटांविरुद्ध ‘फिल्मइंडिया’ने सातत्याने आवाज उठवला. परकीय सत्तेच्या काळात चित्रपटाच्या मासिकानेही देशाच्या स्वाभिमानाची बाजू घेतली, ही गोष्ट लक्षात घेण्याजोगी आहे.

दुसऱ्यांचे दोष दाखवणाऱ्या बाबूरावांनी स्वतःही चित्रपट दिग्दर्शित केले. ‘द्रौपदी’ (१९४४) आणि ‘ग्वालन’ (१९४६) या चित्रपटांत त्यांच्या पत्नी, गायिका सुशीलाराणी, नायिका होत्या. दोन्ही चित्रपटांना यश लाभले नाही. चांगले काय आणि वाईट काय हे ओळखणे ही एक गोष्ट. चांगले निर्माण करणे ही दुसरी. परंतु या अपयशानंतरही त्यांच्या लेखणीची धार कमी झाली नाही. सुशीलाराणींनी मासिकाच्या लेखनातही त्यांना साथ दिली.

या धारेची दुसरी बाजूही पाहिली पाहिजे. बाबूरावांची टीका पुष्कळदा कलाकृतीवरून घसरून व्यक्तीवर येई. नटनट्यांचे रूप, त्यांचे खाजगी जीवन, पुढे पुढे त्यांचा धर्म, यांवरही ते कठोर आणि अन्यायकारक लिहीत. शिवाय ज्या निर्मात्यांच्या चित्रपटांची परीक्षणे मासिकात येत, त्यांच्याच जाहिरातींनी मासिकाची पाने भरलेली असत. अशा वेळी टीकाकार खरोखर किती स्वतंत्र असतो, असा प्रश्न पडतो. निर्भीडपणा हा समीक्षकाचा गुण खरा. पण त्याला न्यायबुद्धीची जोड नसेल, तर तो गुण दुसऱ्याला दुखावण्याचे साधन बनतो.

१९६० च्या सुमारास ‘फिल्मइंडिया’ची जागा ‘मदर इंडिया’ या मासिकाने घेतली आणि त्यात राजकारणाला अधिक महत्त्व आले. १९६७ साली बाबूराव भारतीय जनसंघातर्फे मध्य प्रदेशातील शाजापूर मतदारसंघातून लोकसभेवर निवडून आले. १९८२ साली त्यांचे निधन झाले.

बाबूरावांनी इतिहासकाराची भूमिका कधी घेतली नाही. तरीही त्यांच्या मासिकाचे अंक आज इतिहासाचे साधन झाले आहेत. त्यांतील अनेक अंक आता संगणकावरही वाचता येतात. कोणता चित्रपट केव्हा आला, त्याची जाहिरात कशी झाली, वाचक काय विचारत होते, हे सारे तिथे सापडते. मात्र अभ्यासकाने त्यातील प्रत्येक शब्द जसाच्या तसा स्वीकारून चालत नाही. परीक्षणात वस्तुस्थिती कोणती आणि लिहिणाऱ्याचा राग-लोभ कोणता, हे त्याला निवडावे लागते. एकच प्रसंग दुसऱ्या नियतकालिकात कसा आला आहे, हेही ताडून पाहावे लागते. शाळा अपुरी राहिलेल्या एका मुलाने परक्या भाषेत लिहून उभे केलेले हे साधन मोलाचे आहे. ते डोळसपणे वापरणे ही वाचकाची जबाबदारी आहे.

स्वाध्याय

१. ‘फिल्मइंडिया’चे अंक आज इतिहासाचे साधन का मानले जातात?
२. व्यक्तीवरील टीका आणि कलाकृतीवरील टीका यांतील फरक उदाहरण देऊन स्पष्ट करा.
३. तुम्ही अलीकडे पाहिलेल्या एका चित्रपटाचे परीक्षण दहा ओळींत लिहा. त्यातील माहिती आणि तुमचे मत यांखाली वेगवेगळ्या रंगांनी रेघा ओढा.