अंगाने भरलेल्या नवरीसाठी: साडीत वाचवा, ब्लाउजवर खर्च करा

पन्नास-साठ माणसांचं घरगुती लग्न, माहूरगडावर रेणुकामातेचं दर्शन आणि नवरीच्या कपड्यांसाठी हाताशी पाचेक हजार रुपये. एवढ्या पैशांत अंगाने भरलेली मुलगी छान उठून दिसते आणि दिवसभर मोकळेपणाने वावरू शकते. त्यासाठी लग्नाआधी उपाशी राहून बारीक होण्याची काहीही गरज नाही. ‘ताईंच्या मापात नाही’ हे बहुतेक वेळा तयार लेहंग्याच्या दुकानात ऐकावं लागतं. साडी मात्र सगळ्यांना बसते. अडतं ते ब्लाउज आणि परकरापाशी, म्हणून पैसा आणि वेळ तिथेच द्यावा.

साधारण खर्च

- साडी (सेमी पैठणी, नारायणपेठ किंवा इरकल): 2,000 ते 4,000 रुपये
- फॉल-पिको: 100 ते 150 रुपये
- ब्लाउजसाठी जादा कापड: 100 ते 300 रुपये
- अस्तरासह ब्लाउजची शिलाई: 500 ते 900 रुपये
- मापाचा परकर, कापडासह: 250 ते 400 रुपये

एकूण साधारण 3,000 ते 5,750 रुपये. गाव, दुकान आणि लग्नसराईप्रमाणे यात फरक पडतो. बाह्यांवर आरी वर्क हवं असेल तर 1,500 रुपयांपासून पुढे वेगळे धरा. काम फक्त बाह्या आणि पाठीपुरतं ठेवलं तर खर्च आटोक्यात राहतो.

लेहंगा का महाग पडतो

मोठ्या मापाचा तयार लेहंगा मिळाला, तरी तो बहुधा कंबरेला आणि दंडाला उसवून पुन्हा शिवावा लागतो. करही जास्त असतो. 22 सप्टेंबर 2025 पासून 2,500 रुपयांवरच्या तयार कपड्यावर 18 टक्के जीएसटी आहे, तर साडीवर 5 टक्के. 8,000 रुपयांच्या लेहंग्यावर 1,440 रुपये कर जातो. 3,000 च्या साडीवर 150 रुपये. शिवाय साडी पुढे सणावाराला नेसता येते.

साडी निवडताना

अंगाबरोबर पडणारं मऊ कापड घ्या. ऑर्गेंझा, टिश्यू आणि खळ दिलेलं कडक कापड फुगून राहतं, निऱ्या पोटावर उभ्या राहतात. उंची कमी असेल तर काठ चार बोटांचाच बरा. उंच मुलीला रुंद काठ शोभतो. रंगाचं बंधन मानू नका. हळदीपासून डाळिंबीपर्यंत जो रंग चेहऱ्याला खुलवतो, तोच घ्या.

‘प्युअर सिल्क’ म्हणून जास्त पैसे मागितले तर सिल्क मार्कचं लेबल पाहा. पैठणी असेल तर पदर उलटून बघा. हातमागाच्या पैठणीची नक्षी दोन्ही बाजूंनी सारखी दिसते. मागे सुटे धागे लोंबत असतील तर ती यंत्रमागाची आहे. सेमी पैठणी घेण्यात कमीपणा नाही, फक्त तिचे पैसे सेमीचेच द्यावेत.

साडी साधारण साडेपाच मीटर असते आणि ब्लाउज पीस 80 सेंटीमीटर. नितंबाचा घेर 46 इंचांच्या पुढे असेल तर निऱ्या कमी पडतात. ब्लाउज पीस पदराकडे नसून आतल्या टोकाला असेल तर तो कापूच नका. तेवढं कापड नेसण्यात जातं आणि दोन-तीन निऱ्या वाढतात. ब्लाउजसाठी जुळत्या रंगाचं एक ते सव्वा मीटर कापड वेगळं घ्या. छाती 44 च्या पुढे आणि बाही कोपरापर्यंत असेल, तर 80 सेंटीमीटर पुरतही नाही.

शिंप्याला काय सांगायचं

जुना ब्लाउज मापाला देऊ नका. लग्नात जे अंतर्वस्त्र घालणार तेच घालून अंगावरून नवं माप द्या. प्रिन्सेस कट भरलेल्या छातीला नीट बसतो. मुंढा आणि दंडाचा घेर हात वर करून मोजायला सांगा, कारण हार घालताना ब्लाउज तिथेच काचतो. दोन्ही बाजूंच्या शिलाईत किमान एक इंच माया ठेवायला लावा. गळा खोल असेल तर मागे नाडी हवी, म्हणजे खांदे उतरत नाहीत.

परकर कळ्यांचा शिवा आणि कंबरेला नाडीऐवजी रुंद पट्टी लावा. पोटावर वळ पडत नाही आणि पाटावर तासभर बसलं तरी रुतत नाही.

नऊवारी हवी असेल तर

पूर्ण नऊ वार म्हणजे सुमारे 8.2 मीटर. दुकानातच मोजून घ्या. कापड कमी भरलं तर काष्टा ओढला जातो. शिवून घ्यायची शिलाई 800 ते 1,500 रुपये होते, पण शिवलेली साडी पुन्हा सहावारीसारखी नेसता येत नाही. घरात नेसवणारी आत्या-मावशी असेल तर न शिवलेलीच बरी: शिलाई वाचते आणि ऐनवेळी सैल-घट्ट करता येते. गडाच्या पायऱ्या चढायच्या असतील तर साडी घोट्याच्या वर ठेवा.

खरेदीचं वेळापत्रक

आधी माहूर, किनवट, पुसदमध्ये बघा. मनासारखं मिळालं नाही तर नांदेडचं वजिराबाद आहेच, लातूरकडच्यांना गंजगोलाई. माहूरहून नांदेड सव्वाशे किलोमीटरच्या आसपास आहे, पण मार्च 2023 पासून एसटीत महिलांना निम्मं तिकीट लागतं, त्यामुळे मायलेकींचा प्रवास परवडतो.

साडी महिनाभर आधी घ्या, ब्लाउज लगेच शिवायला टाका आणि लग्नाच्या आठ दिवस आधी घालून पाहा. घातल्यावर खाली बसा, वाका, दोन्ही हात वर करा. कुठेही काचत असेल तर तिथल्या तिथे सांगा. अंगाला आराम देणारा ब्लाउज हा तुमचा हक्क आहे. त्यात संकोच कसला?

बिल मागून घ्या आणि साडी दुकानातच पूर्ण उलगडून बघा. बिलावर ‘माल परत घेतला जाणार नाही’ असं छापलेलं असलं, तरी सदोष माल परत घ्यायला नकार देणं ही 2019 च्या ग्राहक संरक्षण कायद्यानुसार अनुचित व्यापारी प्रथा आहे. बिलात मुदत दिलेली नसेल तर ती 30 दिवसांची धरतात. दुकानदाराने ऐकलं नाही तर 1915 या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार करा.