स्वातंत्र्योत्तर मेक्सिको : लष्कर, संविधान आणि सत्ता (१८२१ ते १८६७)

उद्दिष्टे

हा घटक अभ्यासल्यानंतर आपणास :

• मेक्सिकोचे स्वातंत्र्य ज्या तडजोडीतून साकारले तिचे स्वरूप स्पष्ट करता येईल.
• १८२४ चे संविधान अस्तित्वात असूनही सत्तांतरे उठावांतून का होत राहिली, याची कारणमीमांसा करता येईल.
• अमेरिकेबरोबरच्या युद्धातील पराभवाचा अंतर्गत राजकारणाशी असलेला संबंध सांगता येईल.
• सुधारणा पर्वातील कायद्यांचे महत्त्व आणि मर्यादा यांचे मूल्यमापन करता येईल.

१. प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रहो, मागील घटकात आपण स्पॅनिश अमेरिकेतील स्वातंत्र्यलढ्यांचा परिचय करून घेतला. या घटकात मेक्सिकोच्या स्वातंत्र्यानंतरच्या पहिल्या अर्धशतकाचा विचार करावयाचा आहे. त्याची सुरुवात एका प्रसंगाने करू.

१८४५ च्या अखेरीस मेक्सिकोच्या सरकारने जनरल मारियानो पारेदेस याला सैन्यासह उत्तर सीमेकडे जाण्याचा आदेश दिला होता. टेक्सासच्या प्रश्नावरून अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांशी युद्ध होण्याची चिन्हे स्पष्ट दिसत होती. सान लुइस पोतोसी येथे तळ देऊन असलेल्या पारेदेसने मात्र आपले सैन्य सीमेऐवजी राजधानीकडे वळवले, राष्ट्राध्यक्ष होसे होआकिन दे एर्रेरा याला पदच्युत केले आणि जानेवारी १८४६ मध्ये ते पद स्वतःकडे घेतले. त्यानंतर चार महिन्यांच्या आतच युद्धाला तोंड फुटले.

देशाच्या रक्षणासाठी उभारलेले सैन्य देशाच्याच राजधानीवर चालून जाते, हे कसे घडते? एखाद्या सेनानीच्या महत्त्वाकांक्षेत याचे उत्तर शोधणे सोपे आहे. पण ते अपुरे आहे. खरे उत्तर शोधण्यासाठी १८२१ पर्यंत मागे जावे लागते.

२. विषय-विवेचन

२.१ तडजोडीतून आलेले स्वातंत्र्य

१८१० मध्ये मिगेल इदाल्गो या धर्मगुरूने सुरू केलेला आणि पुढे होसे मारिया मोरेलोसने चालवलेला लढा सामान्य जनतेचा होता. या दोघांनाही स्पॅनिश सत्तेने अनुक्रमे १८११ आणि १८१५ मध्ये देहदंड दिला. १८२० पर्यंत व्हिसेंते गेरेरो याच्यासारख्या मोजक्या नेत्यांच्या तुकड्याच दक्षिणेच्या डोंगराळ भागात टिकून होत्या. त्याच वर्षी स्पेनमध्ये उदारमतवादी राज्यक्रांती झाली आणि तेथील संसदेने चर्च व लष्कर यांच्या विशेषाधिकारांना हात घातला. त्यामुळे जो वर्ग आजवर स्वातंत्र्याच्या विरोधात उभा होता, त्यालाच आता स्पेनपासून वेगळे होणे हिताचे वाटू लागले.

आगुस्तिन दे इतुर्बिदे हा बंडखोरांशी अनेक वर्षे लढलेला राजनिष्ठ अधिकारी. गेरेरोचा बंदोबस्त करण्यासाठी त्याला पाठवण्यात आले. त्याने गेरेरोशी समझोता केला. २४ फेब्रुवारी १८२१ रोजी इग्वाला येथे जाहीर झालेल्या घोषणापत्रात तीन हमी होत्या : कॅथलिक धर्म, स्वातंत्र्य आणि सर्व रहिवाशांचे ऐक्य. २७ सप्टेंबर १८२१ रोजी ‘तीन हमींचे सैन्य’ मेक्सिको शहरात दाखल झाले.

या घटनेचे दोन परिणाम आपण लक्षात ठेवावेत. पहिला असा, की सैनिक आणि धर्मगुरू यांचे खटले त्यांच्याच न्यायालयांत चालवण्याचा विशेषाधिकार, म्हणजेच ‘फुएरो’, स्वतंत्र मेक्सिकोत अबाधित राहिला. दुसरा असा, की एका अधिकाऱ्याने घोषणापत्र काढावे, इतर छावण्यांनी त्याला पाठिंबा द्यावा आणि राज्य बदलावे, असा पायंडा राष्ट्राच्या जन्माबरोबरच पडला.

इतुर्बिदे १८२२ मध्ये सम्राट झाला आणि त्याच वर्षी त्याने संसद बरखास्त केली. व्हेराक्रूझ येथे अंतोनिओ लोपेस दे सांता आना याने उठाव केला. तो मोडण्यासाठी पाठवलेले सैन्यच १ फेब्रुवारी १८२३ च्या कासा माता घोषणापत्राद्वारे सम्राटाच्या विरोधात गेले. मार्चमध्ये इतुर्बिदेने सिंहासन सोडले. सत्ता ज्या मार्गाने आली, त्याच मार्गाने ती गेली.

२.२ १८२४ चे संविधान

४ ऑक्टोबर १८२४ च्या संविधानाने मेक्सिको संघराज्यात्मक प्रजासत्ताक बनले. त्यात १९ राज्ये होती. कॅथलिक धर्म हाच राष्ट्राचा धर्म मानण्यात आला आणि फुएरो कायम ठेवण्यात आले. राष्ट्राध्यक्षाची निवड राज्यांची विधिमंडळे करीत. सर्वाधिक मते मिळवणारा राष्ट्राध्यक्ष आणि त्याच्या खालोखाल मते मिळवणारा उपराष्ट्राध्यक्ष, असा नियम होता. म्हणजे पराभूत प्रतिस्पर्धीच पदाचा पहिला वारस ठरे.

पहिला राष्ट्राध्यक्ष ग्वादालुपे व्हिक्टोरिया याने आपली मुदत पूर्ण केली. परंतु १८२८ च्या निवडणुकीत मानुएल गोमेस पेद्रासा विजयी होताच गेरेरोच्या समर्थकांनी राजधानीत उठाव केला आणि संसदेने गेरेरोला राष्ट्राध्यक्ष घोषित केले. गेरेरोने सप्टेंबर १८२९ मध्ये गुलामगिरी रद्द करणारा हुकूम काढला. त्याच वर्षाच्या अखेरीस उपराष्ट्राध्यक्ष अनास्तासिओ बुस्तामान्ते याने त्याची सत्ता उलथवली आणि १८३१ मध्ये गेरेरोला गोळ्या घालून ठार मारण्यात आले. निवडणुकीचा निकाल बळाने फिरवता येतो, हे एकदा सिद्ध झाल्यावर मतपेटीवर विसंबणे कोणालाच परवडेना.

२.३ ‘घोषणापत्र’ : सत्तांतराची रूढ पद्धत

या उठावांना स्पॅनिशमध्ये ‘प्रोनुन्सियामिएंतो’ म्हणतात. एखाद्या छावणीतील अधिकारी आपल्या तक्रारी व मागण्या कलमवार लिहून त्यावर सह्या करीत आणि ते पत्र इतर छावण्यांकडे व नगरपालिकांकडे पाठवीत. प्रत्यक्ष लढाई अनेकदा थोडीच होई. कोणाकडे किती पाठिंबा आहे याचा अंदाज घेऊन वाटाघाटी होत. नागरी राजकारणी, व्यापारी आणि धर्मगुरू हेही यात सामील असत. म्हणून हा प्रकार केवळ ‘लष्करशाही’ या शब्दाने पुरता स्पष्ट होत नाही.

याला रिकाम्या तिजोरीची जोड होती. अकरा वर्षांच्या युद्धाने चांदीच्या खाणी उद्ध्वस्त झाल्या होत्या. १८२४ व १८२५ मध्ये लंडनमध्ये उभारलेल्या कर्जांची परतफेड १८२७ मध्येच थांबली. सरकारचे मुख्य उत्पन्न बंदरांवरील जकातीचे, आणि त्यातही व्हेराक्रूझचे. त्यामुळे व्हेराक्रूझ ज्याच्या ताब्यात, त्याच्या हाती राज्याची नाडी येई. पगार थकलेल्या सैन्याला नव्या घोषणापत्रातील आश्वासन जवळचे वाटे. सैन्याचा पगार भागवण्यासाठी सरकार सावकारांकडे जाई आणि अधिकच दुबळे होई.

२.४ टेक्सास आणि अमेरिकेबरोबरचे युद्ध

१८३४ मध्ये सांता आनाने संघराज्यवादी सुधारणा मोडीत काढल्या. १८३६ च्या ‘सात कायद्यां’नी राज्यांची स्वायत्तता संपवून एककेंद्री व्यवस्था आणली. टेक्सासमधील अमेरिकी वसाहतवाल्यांनी २ मार्च १८३६ रोजी स्वातंत्र्य जाहीर केले. केंद्रीकरणाला विरोध हे त्यामागील एक कारण होते. पण मेक्सिकोने घातलेले स्थलांतरावरील निर्बंध आणि गुलाम बाळगण्याचा प्रश्न हीदेखील कारणे होती. सांता आनाने आलामो येथे विजय मिळवला. मात्र २१ एप्रिल रोजी सान हासिंतो येथे तो पराभूत होऊन कैद झाला.

१८४५ मध्ये अमेरिकेने टेक्सास आपल्या संघराज्यात सामील करून घेतले आणि पुढील वर्षी युद्ध सुरू झाले. विस्तारवादी अमेरिकेची साधनसंपत्ती मोठी होती, हे खरेच. तथापि मेक्सिकोतील दुफळीही तितकीच घातक ठरली. जानेवारी १८४७ मध्ये व्हालेंतिन गोमेस फारिआसच्या सरकारने युद्धखर्चासाठी चर्चच्या मालमत्तेतून दीड कोटी पेसो उभारण्याचा कायदा केला. त्याविरुद्ध फेब्रुवारीच्या अखेरीस राजधानीतील राष्ट्रीय रक्षक दलाच्या काही तुकड्यांनी बंड पुकारले. ते चालू असतानाच, ९ मार्च रोजी, जनरल विनफिल्ड स्कॉटचे अमेरिकी सैन्य व्हेराक्रूझजवळ उतरले. सप्टेंबरमध्ये राजधानी पडली. २ फेब्रुवारी १८४८ च्या ग्वादालुपे इदाल्गो तहाने मेक्सिकोने, टेक्सास धरून, आपला निम्म्याहून अधिक प्रदेश गमावला.

प्रास्ताविकातील पारेदेसचा प्रसंग आता आपणास अधिक स्पष्ट झाला असेल. राजधानी घेणे हा राजकारणाचा रूढ मार्ग होता. सीमा राखणे हे त्यापुढे दुय्यम ठरले.

२.५ सुधारणा पर्व

पराभवाने एका नव्या पिढीला अंतर्मुख केले. १ मार्च १८५४ च्या आयुतला घोषणापत्राने सुरू झालेल्या उठावामुळे पुढील वर्षी सांता आनाला देश सोडावा लागला. उठावांची परंपरा मोडू पाहणारे उदारमतवादीही उठावाच्याच मार्गाने सत्तेवर आले, हा विरोधाभास आपण नोंदवून ठेवावा.

१८५५ च्या हुआरेस कायद्याने दिवाणी खटल्यांतील धार्मिक व लष्करी न्यायालयांचा अधिकार काढून घेतला. १८५६ च्या लेर्दो कायद्याने चर्चसारख्या संस्थांना आपली स्थावर मालमत्ता विकणे भाग पाडले. हाच कायदा मूलनिवासी गावांच्या सामूहिक जमिनींनाही लागू झाला आणि त्याचा लाभ पुष्कळदा मोठ्या जमीनदारांनी उठवला. ५ फेब्रुवारी १८५७ च्या संविधानाने या सुधारणांना आधार दिला.

डिसेंबर १८५७ मध्ये जनरल फेलिक्स सुलोआगाने हे संविधान नाकारणारे घोषणापत्र काढले. राष्ट्राध्यक्ष इग्नासिओ कोमोनफोर्त आधी त्यात सामील झाला आणि नंतर पदच्युत झाला. संविधानानुसार सर्वोच्च न्यायालयाचा अध्यक्ष हा त्याचा उत्तराधिकारी होता. त्या पदावर होता बेनितो हुआरेस, झापोतेक समाजात जन्मलेला वकील. त्याच्यापाशी सैन्य तुटपुंजे होते. त्याचा दावा एका कलमावर उभा होता. व्हेराक्रूझ आणि तेथील जकात हाती असल्याने त्याचे सरकार तगले आणि तीन वर्षांच्या गृहयुद्धानंतर जानेवारी १८६१ मध्ये तो राजधानीत परतला.

२.६ परकीय हस्तक्षेप

जुलै १८६१ मध्ये हुआरेसने परदेशी कर्जाची फेड स्थगित केली. स्पेन, ब्रिटन व फ्रान्स यांनी सैन्य पाठवले; पहिल्या दोघांनी १८६२ मध्ये माघार घेतली. फ्रेंचांचा ५ मे १८६२ रोजी पुएब्ला येथे पराभव झाला, तरी १८६३ मध्ये त्यांनी राजधानी घेतली आणि पुढील वर्षी हॅब्सबर्ग घराण्यातील मॅक्सिमिलियन याला सम्राट म्हणून आणले. फ्रेंच सैन्य माघारी गेल्यावर हे साम्राज्य कोसळले. १९ जून १८६७ रोजी केरेतारो येथे मॅक्सिमिलियनला देहदंड देण्यात आला.

३. सारांश

१८२१ ची तडजोड विशेषाधिकारांना धक्का न लावता स्वातंत्र्य देणारी होती. तिच्यामुळे लष्कर व चर्च कायद्याच्या कक्षेबाहेर राहिले. रिकामी तिजोरी आणि घोषणापत्रांची रीत यांनी संविधान पोकळ केले, आणि त्याची किंमत देशाने १८४८ मध्ये मोजली. १८६७ मध्ये संविधानाचा पक्ष विजयी झाला. परंतु जुनी रीत संपली नाही. १८७६ मध्ये पोर्फिरिओ दियास हा फ्रेंचांविरुद्ध लढलेला सेनानी तुस्तेपेक घोषणापत्राच्या आधारेच सत्तेवर आला. स्वातंत्र्य एका दिवशी जाहीर होते. सत्तेने कायदा मानण्याची सवय मात्र पिढ्यान्‌पिढ्या घडवावी लागते.

४. पारिभाषिक शब्द

फुएरो : लष्कर व धर्मगुरू यांना असलेला स्वतंत्र न्यायालयांचा विशेषाधिकार.
प्रोनुन्सियामिएंतो : घोषणापत्र काढून व पाठिंबा गोळा करून केलेला राजकीय उठाव.

५. स्वाध्याय

१. इग्वाला घोषणापत्रातील तीन हमी कोणत्या? त्यांतून कोणाचे हितसंबंध जपले गेले?
२. १८२४ च्या संविधानातील उपराष्ट्राध्यक्षपदाच्या तरतुदीचे परिणाम सोदाहरण लिहा.
३. ‘१८४८ चा पराभव हा केवळ लष्करी पराभव नव्हता.’ चर्चा करा.
४. लेर्दो कायद्याचे चर्चवर आणि मूलनिवासी गावांवर झालेले परिणाम यांची तुलना करा.

उपक्रम : १८२४ आणि १८४८ मधील मेक्सिकोच्या सीमा एकाच नकाशावर दोन रंगांत दाखवा आणि गमावलेल्या प्रदेशात आज अमेरिकेची कोणती राज्ये आहेत, याची नोंद करा.