बिल पटत नाही, मग काय करावे?

कुरखेडा तालुक्यात गावोगावी वीज आली. दिव्यामागे मीटर आले. मीटरामागे बिल आले.

समजा, एका बाईच्या घरी दोन दिवे आणि एक पंखा आहे. मागच्या ६ महिन्यांत तिने २००, २३०, २१०, २४०, २२० आणि २२० रुपये भरले. या खेपेला बिल आले ४,८०० रुपयांचे! बाई म्हणाली, "एवढी वीज जाळलीच नाही. एक पैसाही भरणार नाही."

बाईचा राग खरा आहे, पण वाट चुकीची आहे. गप्प बसले, की तार तुटते.

कायदा काय म्हणतो?

२००३ च्या वीज कायद्यात ५६ वे कलम आहे. थकबाकीसाठी वीज तोडायची, तर आधी १५ पूर्ण दिवसांची लेखी नोटीस द्यावी लागते. तोंडी दम चालत नाही.

बिलावर वाद असेल, तर हरकत नोंदवून पैसे भरता येतात. किती? मागितलेली रक्कम किंवा मागच्या ६ महिन्यांची सरासरी, यांत जी कमी असेल ती. बाईचा हिशेब करा. सहा महिन्यांचे १,३२० रुपये झाले. सहाने भागले, २२० आले. वादाच्या महिन्याचे तेवढे भरावे. मग वाद मिटेपर्यंत वीज तोडता येत नाही.

जुनी बाकी निघाली तर?

राजस्थानात अजमेरच्या वीज कंपनीने २००९ ते २०११ या काळात एका ग्राहकाला चुकीचा दर लावला. चूक कळल्यावर २०१४ मध्ये वाढीव रक्कम मागितली. वाद सुप्रीम कोर्टात गेला. १८ फेब्रुवारी २०२० ला निकाल लागला. कंपनीने वसुलीचे इतर कायदेशीर मार्ग घ्यावे, पण या मागणीसाठी वीज तोडू नये, असे कोर्टाने सांगितले. मात्र बाकी दर बिलात दाखवत आली असेल, तर दोन वर्षांची ही मुदत आड येत नाही.

बाईने काय करावे?

१. मीटरवरचा आकडा बिलावरच्या आकड्याशी ताडून पाहावा.
२. महावितरणच्या कचेरीत लेखी अर्ज द्यावा. दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि तारीख घ्यावी.
३. "हरकत राखून" असे लिहून सरासरीचे पैसे भरावे. पावती जपावी.
४. तरीही दाद न मिळाली, तर ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंचाकडे जावे. त्यावर नागपूरला विद्युत लोकपाल आहे.

चोरीचा आळ आला, तर वाट निराळी असते. तेव्हा वकिलाला विचारावे. बाया, आदिवासी व अनुसूचित जातींच्या लोकांना जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून वकील फुकट मिळतो.

तोंडचा शब्द वाऱ्यावर जातो. शिक्क्याचा कागद कामी येतो. आता तुम्हाला वाचता येते. नोटीस आली, तर आधी तारीख वाचा.

सांगा पाहू :
१. नोटीस किती दिवसांची हवी?
२. बाईने २२० रुपये का भरले?
३. तुमच्या मागच्या ६ बिलांची सरासरी काढा.