साहेबांची बदली झाली, याचिकेचे काय?

शंका : मी जिल्हा परिषदेचा निवृत्त शिक्षक. निवृत्तिवेतन रखडले म्हणून उच्च न्यायालयात रिट याचिका केली. नोटीस जाताच मंजुरीचे पत्र आले. सरकारी वकील म्हणतात, याचिका आता निरर्थक झाली. खरे का?

समाधान : अर्धेच खरे. मागितलेले हाती पडले, की तेवढ्या मागणीपुरती याचिका निरर्थक ठरते. पण मंजुरीचे पत्र म्हणजे पैसे नव्हेत. थकबाकी खात्यात जमा झाली का, ते पासबुकात पाहा. मग याचिकेतली शेवटची विनंती वाचा. विलंबाचे व्याज मागितले असेल, तर वाद जिवंत आहे. नसेल, तर दुरुस्ती अर्ज करा. निवृत्तिवेतन ही सरकारची मेहेरबानी नव्हे, दिरंगाई केली तर व्याज द्यावे लागेल, असे सर्वोच्च न्यायालयाने केरळच्या पद्मनाभन नायर प्रकरणात बजावले आहे.

शंका : ज्यांच्याविरुद्ध दाद मागितली, त्या अधिकाऱ्यांची बदली झाली. आता?

समाधान : काळजी नको. अशी याचिका पदाविरुद्ध असते. नव्याने येणाऱ्यालाही आदेश पाळावाच लागतो. आकसाचा आरोप असेल, तर मात्र अधिकाऱ्याला नावानिशी प्रतिवादी करावे लागते. न्यायालयाच्या अवमानाची जबाबदारीही वैयक्तिक. बदलीने वा निवृत्तीने ती पुसली जात नाही. 'हे पद कोणत्या अधिकाराने धरले?' एवढाच प्रश्न असेल, तर राजीनाम्यानंतर याचिकेत सहसा काही उरत नाही.

शंका : बेकायदा डांबलेल्या माणसाला सोडले, की प्रकरण संपले का?

समाधान : सुटकेपुरते संपले. बिहारचे रुदल शाह 1968 मध्ये निर्दोष सुटले, तरी 14 वर्षे तुरुंगातच राहिले. याचिका झाल्यावर 1982 मध्ये त्यांना सोडण्यात आले. तरीही सर्वोच्च न्यायालयाने प्रकरण मिटवले नाही. आधी दिलेल्या 5 हजारांखेरीज 30 हजार रुपये भरपाई देण्याचा आदेश 1983 मध्ये दिला.

सर्वच वाचकांना कळकळीची विनंती : 'काम झाले, मागे घ्या' म्हटल्याबरोबर पुरसिसवर, म्हणजे न्यायालयात द्यायच्या लेखी निवेदनावर, सही करू नका. मुभा न घेता मागे घेतलेली रिट त्याच कारणासाठी उच्च न्यायालयात पुन्हा करता येत नाही. उरलेल्या मागण्यांसाठी दाद मागण्याची मुभा आदेशातच नोंदवून घ्या.