नावाचा अर्थ खरा की ऐकीव? : पडताळणीचा एक पाठ



आपल्या जळगाव-धुळे भागात पूर्वी बारशाला आत्या नाव सुचवायची, नाहीतर पत्रिकेवरून अक्षर निघायचं. आता पहिलीच्या हजेरीपटावर अनाया, इवान, मायरा, कियारा अशी नावं दिसतात. अर्थ विचारला की पालक मोबाईल पुढे करतात. "हिब्रू नाव आहे मॅडम, देवाची देणगी." अशा याद्यांत कितीतरी नावांचा अर्थ 'देवाची देणगी' हाच असतो! मग खरं-खोटं तपासायचं कसं? चला, पाहू या.

आधी थोडी माहिती

हिब्रू ही ज्यू लोकांची प्राचीन भाषा. ती उजवीकडून डावीकडे लिहितात. तिच्यात २२ अक्षरं आहेत. तिच्यातली बरीच नावं जोडशब्द असतात. 'एल' म्हणजे देव, म्हणून दानिएल म्हणजे 'देव माझा न्यायाधीश'. ही नावं महाराष्ट्राला नवीन नाहीत. कोकणातले बेने इस्राएल लोक मराठी बोलत. त्यांच्यात सॅम्युएलचा सामाजी झाला, अब्राहमचा आबाजी झाला. किहीम गावावरून किहीमकर, पेणवरून पेणकर अशी आडनावंही आली.

तपासाच्या चार पायऱ्या

१) नाव देवनागरीत नीट लिहा. इंग्रजी अक्षरांत अनय, अनया आणि अनाया एकसारखेच दिसतात. संस्कृतात 'अनय' म्हणजे अनीती आणि 'अनया' म्हणजे 'हिने'. 'अनाया' हा यांपैकी एकही शब्द नाही. एका मात्रेने अर्थ कुठल्या कुठे जातो, हे मुलांना फळ्यावर दाखवा.

२) मूळ ग्रंथात शोधा. बायबलच्या जुन्या करारात, नहेम्याच्या आठव्या अध्यायात या उच्चाराचं नाव आहे, पण ते पुरुषाचं. अर्थ 'परमेश्वराने उत्तर दिले'. देणगी नव्हे! देणगीचा अर्थ हवा तर हिब्रूत 'नातान' म्हणजे 'दिले' हा शब्द लागतो. योनाथान, नथानेल या नावांत तो आहे.

३) नावाचा प्रवास पाहा. हिब्रू योहानान ग्रीकमध्ये इओआनेस झालं आणि पुढे रशियाकडे इवान. अर्थ 'परमेश्वर कृपाळू आहे'. म्हणजे इवानचं मूळ खरोखर हिब्रू आहे. पण कुठे 'सूर्य' असा अर्थ दिला असेल तर तो या नावाचा नाही.

४) नुसत्या सारख्या उच्चाराला भुलू नका. हिब्रूत 'अर्ये' म्हणजे सिंह, म्हणून आपली आर्या सिंहीण होत नाही. 'आर्या' संस्कृत आहे. कियारा इटालियन 'क्यारा'वरून आलं, अर्थ तेजस्वी. मायरा हे नाव फुल्क ग्रेव्हिल (१५५४-१६२८) या इंग्रज कवीने आपल्या कवितेत वापरलं. ही दोन्ही हिब्रू नाहीत.

एक काळजी घ्या

मराठीत 'नाव ठेवणं' आणि 'नावं ठेवणं' यात एका अनुस्वाराचा फरक आहे. तपासताना मुलाच्या नावाला नावं ठेवू नका. यादीतला अर्थ चुकीचा निघाला म्हणून एखादं लेकरू वर्गात हिरमुसलं, तर पाठ फसला समजा. त्याला सांगा, यादी चुकली, तुझं नाव नाही. आपल्याकडे आधीची मुलं दगावली की पुढच्याचं नाव दगडू, धोंडू ठेवत, नजर लागू नये म्हणून. शब्दकोशात त्याचा अर्थ दगड. पण ठेवणाऱ्या आईच्या मनातला अर्थ होता, 'हे तरी जगू दे'. म्हणजे शब्दाचा अर्थ वेगळा आणि नाव ठेवण्याचं कारण वेगळं. पहिला कोशात सापडतो, दुसरं घरी.

स्वाध्याय (इयत्ता चौथी व पुढे)

वहीत तीन रकाने आखा : यादीत सांगितलेला अर्थ, कोशात सापडलेला अर्थ, घरच्यांनी सांगितलेलं कारण. शब्द कोशात सापडला नाही तर दुसऱ्या रकान्यात 'सापडला नाही' असंच लिहा, मनाचं काही भरू नका. तिसरा रकाना मात्र रिकामा ठेवायचा नाही. त्यासाठी आज रात्री जेवताना आजीला विचारा.